कापाबाई

शाळेत आम्ही त्यांना कापाबाई म्हणत असू. तोंडावर अर्थातच नाही. तोंडावर त्या वानखडे बाई. हजेरीपटावर श्रीमती कुसुम वानखडे, विषय मराठी. पण चांदूर रेल्वेच्या आमच्या शाळेत कुणी नुसतं "कापाबाई आली बे" म्हटलं, की व्हरांड्यातली पोट्टी आपापल्या वर्गात पळत.

हे नाव त्यांच्या शिकवण्याच्या पद्धतीवरून पडलं होतं. दर सोमवारी त्या फळ्यावर एक शब्द लिहीत आणि म्हणत, "हा शब्द घरी न्या. मायले विचारा, बापाले विचारा, पानठेल्यावर विचारा. गाइडाले विचारू नका." गुरुवारी प्रत्येकानं उभं राहून त्या शब्दाचं एक वाक्य सांगायचं. लिहून आणायचं नाही, तोंडी सांगायचं. वाक्यात गरजेपेक्षा मोठं काही आलं, की बाई उजव्या हाताची दोन बोटं कात्रीसारखी हलवत आणि म्हणत, "कापा." मग तेच वाक्य पुन्हा, लहान करून. तरी मोठं वाटलं, तर पुन्हा "कापा."

आमच्या वर्गातल्या सागरची बकरी मेली होती. तो उभा राहून म्हणाला, "माझ्यावर दुःखाचा डोंगर कोसळला."

"कापा."

"मले फार दुःख झालं."

"कापा."

सागर रडवेला झाला. "बाई, मग काय सांगू? बकरी मेली. मी जेवलो नाही."

बाईंनी बोटं मिटली. मग म्हणाल्या, "बस. हे डोंगरापेक्षा जड आहे."

मोठ्या शब्दांचा त्यांना खरोखर राग होता. शब्द चपलेसारखा असावा, पायापेक्षा मोठा झाला की माणूस पडतो, असं त्या सांगत. हा राग त्यांना वडिलांकडून आला होता. वडील जिनिंगमध्ये कापसाच्या गाठी उचलत. त्यांच्या वस्तीत दर निवडणुकीला सभा व्हायची आणि सभेहून आल्यावर ते पाय धुता धुता म्हणायचे, "भाषन तं लय मोठं झालं, पन नळ काई आला नाई." बाई हे अगदी त्यांच्या आवाजात सांगत आणि स्वतः हसत नसत. आम्ही हसलो की खिडकीबाहेर बघत उभ्या राहत.

त्या ठेंगण्या होत्या. सुती साडी, मनगटाच्या आतल्या बाजूला वळवलेलं घड्याळ, आणि खडूची पूड बोटांना सोसत नाही म्हणून खडूला गुंडाळलेला कागदाचा कपटा. आवाज कधी चढवला नाही. मारलं तर कुणालाच नाही. डबा स्टाफरूममध्ये खायच्या नाहीत. मधल्या सुट्टीत वर्गातच बसून खात आणि कुणाच्या डब्यात काय आहे, हे न विचारता त्यांना ठाऊक असे.

मुख्याध्यापक निवृत्त झाले, तेव्हा सूत्रसंचालन बाईंकडे आलं. मागच्या बॅनरवर ‘ज्ञानसूर्य’ आणि ‘शिक्षणमहर्षी’ असं दोन्ही होतं. पाहुण्यांनी अर्धा तास भाषण केलं. मग बाई माइकजवळ आल्या. "सर वेळेवर येत. मुलींचा संडास बांधून होईपर्यंत ते पंचायत समितीत रोज जाऊन बसत. त्यांनी कुणाच्या अंगावर हात टाकला नाही." एवढं बोलून त्या खाली उतरल्या. पाहुणे चिडले. "हे काय गौरवपर भाषण झालं का?" असं कुणाला तरी म्हणाले. सर मात्र रुमालात तोंड घालून रडत होते.

माझ्यापुरतं सांगायचं, तर मी आज एम.ए. आहे ती त्यांच्यामुळे. आमच्या घरात माझ्याआधी कुणी दहावीच्या पुढे गेलं नव्हतं. बाबा रेल्वेच्या मालधक्क्यावर हमाल होते आणि अमरावतीला मुलीला खोली करून ठेवायची, ही कल्पनाच त्यांना भीतीची वाटे. बाई घरी आल्या. मला वाटलं, आता त्या शिक्षणाचं महत्त्व समजावतील. त्यांनी चहा घेतला आणि म्हणाल्या, "दादा, तिले शिकू द्या. ती शिकेल." बाबांनी थोडा वेळ वाट पाहिली. पुढं काही आलं नाही. तेव्हा त्यांनी मान हलवली. बाबा नंतर पुष्कळदा म्हणत, त्या बाईनं जास्त बोललं असतं, तर मी नाही म्हटलं असतं.

बाईंच्या कात्रीवर आमचा सगळ्यांचा असा विश्वास होता. त्यांचाही होता. पुढं जे झालं, ते या विश्वासातूनच झालं.

दहावीत दिवाळीची सुट्टी संपल्यावर पहिल्या सोमवारी बाईंनी फळ्यावर लिहिलं : अग्निपरीक्षा.

हा शब्द त्यांनी मुद्दाम निवडला होता. "पेपर उघडला की रोज दिसते," त्या म्हणाल्या. "पाहू आपल्या गावात त्याचं काय काय करतात."

गावात त्याचं पुष्कळ काही करत होते. गुरुवारी वर्गात नुसती जत्रा भरली. एकाच्या आजीनं सीतामाईची सगळी गोष्ट सांगून शेवटी शिवी घातली होती, ती कुणाला, हे तो सांगायला तयार नव्हता. सोनाराच्या मुलानं सांगितलं, सोन्याची अग्निपरीक्षा होते, पितळेची होत नाही, पितळ तोंड काळं करते. कुणी पेपरातलं आणलं : आज भारतीय संघाची अग्निपरीक्षा, उमेदवारांची अग्निपरीक्षा. एकाचा मामा अमरावतीला राजापेठेत राहायचा. तिथं एका क्लासच्या बॅनरवर लिहिलं होतं, बारावीची अग्निपरीक्षा, घाबरू नका, आम्ही आहोत. सागर म्हणाला, त्याच्या भावाच्या लग्नात नवरदेवाचे डोळे बांधून पाच बायांतून नवरीचा हात ओळखायला लावला आणि माइकवाला ओरडला, "आता होनार दुल्हेराजाची अग्निपरीक्षा!"

"ओळखला का?" बाईंनी विचारलं.

"नाई बाई. मावशीचा धरला."

वर्ग हसून लोळला. बाईंची बोटं त्या दिवशी थांबतच नव्हती. संघाची? सामना आहे, कापा. बारावीची? ती नुसती परीक्षा आहे, कापा. शब्द इतका स्वस्त झाला आहे, हे आम्हाला दाखवायचं होतं त्यांना. आणि ते आम्हाला दिसत होतं. आम्ही रंगात आलो होतो.

मग वैशाली उठली. वैशाली माझ्याच बाकावर बसायची. तिची मोठी बहीण माया अकोल्याला दिली होती, तिला लहान मुलगा होता. वैशाली दिवाळीत तिच्याकडे राहून आली होती. आल्यापासून फारशी बोलत नव्हती, पण ती आधीच कमी बोलायची. ती उभी राहून म्हणाली, "माझ्या ताईची सासू तिची अग्निपरीक्षा घेते."

मागून कुणीतरी म्हणालं, "हिची ताई सीता हाय का बे?" पुन्हा हशा झाला.

बाईंनी टेबलावर टिचकी मारून वर्ग गप्प केला. मग बोटं हलवली. "सासू जाच करते, एवढं पुरे. कापा."

"नाई बाई, खरंच..."

"कापा, वैशाली."

वैशालीनं माझ्याकडे पाहिलं. मग फळ्याकडे पाहत, एक एक शब्द ठेवल्यासारखं म्हणाली, "माझ्या ताईची सासू तिले जाच करते."

"शाबास," बाई म्हणाल्या. घंटा झाली.

दहावीची परीक्षा तोंडावर आली होती, तेव्हा माया गेली. भाजल्यामुळे अकोल्याच्या दवाखान्यात ती काही दिवस होती. पोलिसांना तिनं सांगितलं, चहा ठेवताना पदर पेटला. मागून कळलं ते असं, की जवळ तिची आई बसली होती आणि आईनंच तिला सांगितलं होतं, "बाई, लेकराचं पाय. त्याले बाप तं राहू दे." आईला वाटत होतं, मुलगी वाचेल. वाचली तर तिला त्याच घरात परत जायचं होतं.

वैशाली वर्गात आली नाही, म्हणून बाई तिच्या घरी निघाल्या. मला सोबत घेतलं. ओट्यावर बायका बसल्या होत्या. वैशाली आत होती. बाईंना पाहून ती उठली नाही.

बाई म्हणाल्या, "पोरी, मले आताच समजलं."

वैशाली म्हणाली, "मी सांगितलं होतं तुमाले."

आवाजात राग नव्हता. बाईंना आधी कळलंच नाही. मग वैशालीनं सगळं सांगितलं. माया कापडाच्या दुकानात काउंटरवर उभी राहायला लागली, तेव्हापासून नवरा संशय घेऊ लागला. घरी यायला उशीर झाला, की सासू देवासमोर बसवायची, तळहातावर कापूर ठेवायची आणि पेटवायची. खरी असशील तर पोळणार नाही, म्हणायची. नवरा दारात उभा राहायचा. दिवाळीत वैशालीनं हे स्वयंपाकघरातून पाहिलं होतं. घरी येऊन आईला सांगितलं, तेव्हा आई म्हणाली, संसारात असं होते, तोंडातून काढू नको. मग सोमवारी फळ्यावर तो शब्द आला. "तुमी म्हटलं होतं, घरी विचारा. मी मायले पुन्हा विचारलं. माय म्हने, हा शब्द आपल्या घरात नको. म्हनून मी वर्गात सांगितला."

बाई उभ्या होत्या त्या खाली बसल्या. भिंतीला टेकून, शेणानं सारवलेल्या जमिनीवर, पाय पुढं पसरून. त्यांना तसं बसलेलं मी कधी पाहिलं नव्हतं. ओट्यावरच्या बायकांना वाटलं, बाईंना भोवळ आली. कुणी पाणी आणलं. बाईंनी ते घेतलं नाही.

परत येताना त्या एकदाच बोलल्या. "हिशोबानं मी ‘काय करते सासू?’ एवढंच विचारायला पाहिजे होतं."

मायाच्या वडिलांनी तक्रार दिली. वैशालीनं पोलिसांना कापराचं सांगितलं. नवरा आणि सासू आत गेले. खटला उभा राहायला काही वर्षं गेली. तोवर मी अमरावतीला कॉलेजात होते. राजापेठेत ज्या गल्लीत माझी खोली होती, तिच्या तोंडाशीच क्लासवाले ते बॅनर लावत. दर वर्षी नवीन, शब्द तोच. वैशालीनं बारावीनंतर नर्सिंग घेतलं. तिची साक्ष ठरली, तेव्हा तिनं मला फोन केला, "येशील का?" म्हणून मी अकोल्याला गेले.

खटल्यात अडचण एकच होती. माया स्वतः पदर पेटला असं सांगून गेली होती. कापूर पाहणारी एकटी वैशाली, आणि दुसऱ्या बाजूचं म्हणणं असं, की बहीण मेल्यावर हिनं ही गोष्ट रचली. ती आधीपासून हे सांगत होती, याला साक्षीदार पाहिजे होता. आमच्या वर्गातल्या पोरांना त्या दिवसाचा फक्त मावशीचा हात आठवत होता. मला आठवत होतं, मी तयारही होते, पण मी पडले वैशालीची मैत्रीण. राहिल्या बाई.

सकाळी कोर्टाच्या आवारात, चहाच्या टपरीजवळ, वैशालीचे काका बाईंना बाजूला घेऊन म्हणाले, "बाई, पोरीनं वर्गात सांगितलं, एवढं बोला. ते कापा-बिपा काढू नका. विचारलंच तं म्हना, आठवत नाई."

"मले आठवते ना पण."

"आमाले माईत आहे आठवते. पन त्यायचा वकील तेच धरून बसंल."

"धरंल," बाई म्हणाल्या. "त्यानं धरावं असंच आहे ते."

काका चिडले. "तुमचं खरं राहील बाई, अन् आमची पोरगी खोटी पडंल!"

बाईंनी चहाचा कप टपरीच्या फळीवर ठेवला. त्यांनी वैशालीकडे पाहिलं. वैशाली म्हणाली, "काका, बोलू द्या त्यायले. झालं ते सगळं."

सरकारी वकिलांनी विचारलेलं त्यांनी नीट सांगितलं. दिवाळीनंतर, वर्गात, वैशाली उभी राहून काय म्हणाली. मग आरोपींचे वकील उठले. सभ्य माणूस होता, आवाज गोड. त्यांनी विचारलं, "बाई, तुम्ही मराठी शिकवता. अग्निपरीक्षा या शब्दाचे अर्थ कोर्टाला सांगाल का?"

बाईंनी सांगितले. सीतेपासून सोन्यापर्यंत, सोन्यापासून क्रिकेटपर्यंत. वर्गात सांगत तसेच, एकही न गाळता. कुणीतरी हसलंसुद्धा.

"म्हणजे आजकाल कोणत्याही अवघड प्रसंगाला हा शब्द वापरतात?"

"हो."

"मग वैशालीनं तो कोणत्या अर्थानं वापरला होता?"

"तिनं अर्थ लावला नव्हता साहेब. तिनं पाहिलं ते सांगितलं. अर्थ मी लावला."

"तुम्ही काय लावला?"

"सासुरवास."

"मग तुम्ही तिला काय म्हणालात?"

कोर्टात पंखा फिरत होता. बाईंनी दोन्ही हात कठड्यावर ठेवले. "मी म्हटलं, कापा."

"म्हणजे?"

"म्हणजे ती वाढवून सांगते आहे, असं मला वाटलं. मी तिला तो शब्द काढायला लावला. ती म्हणाली, खरंच. मी ऐकलं नाही."

"तुम्ही इतकी वर्षं मुलं ओळखता. तुम्हालाही ते वाढवलेलं वाटलं."

"हो."

"धन्यवाद, बाई." वकील बसले.

बाई खाली उतरल्या नाहीत. न्यायाधीशांकडे वळून म्हणाल्या, "साहेब, मला अजून सांगायचं आहे. चूक पोरीची नव्हती."

न्यायाधीश चांगले होते. हळू बोलले. "विचारलं तेवढंच सांगायचं असतं, बाई. या आता."

मी त्यांना शब्द गिळताना तेव्हा पाहिलं. आयुष्यभर दुसऱ्यांना कमी बोलायला लावणारी बाई, आणि एक वाक्य जास्त बोलायला मिळालं असतं, तर त्यांनी त्यासाठी काहीही दिलं असतं.

काही महिन्यांनी निकाल लागला, तेव्हाही आम्ही सगळे अकोल्याला गेलो. वैशालीवर कोर्टानं विश्वास ठेवला, बाईंच्या साक्षीमुळेच ठेवला, पण छळापुरता. जाळल्याचं सिद्ध झालं नाही, माया स्वतःच तसं सांगून गेली होती. सासू वयाकडे पाहून लवकर सुटली. नवऱ्याला झालेली शिक्षा त्यानं बहुतेक आधीच भोगली होती. थोड्या महिन्यांत तोही बाहेर येणार, हे तिथंच सगळ्यांना समजलं. काका बाईंशी बोलले नाहीत. गाडीत सगळे एकाच डब्यात होतो, तरी बोलले नाहीत. मूर्तिजापूर गेल्यावर वैशालीच्या आईनं पिशवीतून पोळीभाजी काढली आणि सगळ्यांना दिली. बाईंच्या हातावर पोळी ठेवताना ती म्हणाली, "तुमी एकदा कापलं बाई. मी तं मायाच्या तोंडातूनच खरं काढून घेतलं." बाईंनी ती पोळी खाल्ली. खिडकीकडे तोंड करून, हळूहळू, सगळी.

शाळेतल्या धाकट्या पोरांकडून बाईंचं कळायचं. कापाबाई हे नाव आता कुणाला माहीत नव्हतं. सोमवारचा शब्द फळ्यावर यायचा, पण बोटं हलत नसत. मूल काहीही बोललं, की बाई विचारत, "कुठं? कोणी पाहिलं?" आणि तास अपुरा पडायचा. वरिष्ठांनी अभ्यासक्रम मागे पडतो म्हणून समज दिली. एकदा एका मुलीच्या बापानं शाळेत येऊन तमाशा केला, की बाई आमच्या घरात नाक खुपसतात. त्या मुलीच्या घरी तसं काहीच नव्हतं. बाईंनी माफी मागितली आणि पुढच्या आठवड्यात दुसऱ्या कुणाच्या तरी दारात उभ्या राहिल्या. त्यांच्या शिकवण्यातली मजा गेली, असं त्यांचेच सहकारी सांगत. ते खोटं नसावं.

मायाचा मुलगा चांदूरला आजीकडेच, वैशालीच्या आईकडे, वाढत होता. बाप सुटला आणि चांदूरला दिसू लागला. कधी स्टेशनवर, कधी शाळेच्या फाटकाजवळ, मोटारसायकलवर बसलेला. मुलगा माझा आहे, मी नेईन, एवढंच म्हणायचा. आजोबा अंथरुणाला खिळलेले, वैशालीची नोकरी यवतमाळला. बाई तोवर निवृत्त झाल्या होत्या. त्यांनी कुणाला विचारलं नाही. एका सकाळी त्या आजीच्या दारात येऊन उभ्या राहिल्या आणि म्हणाल्या, "द्या याले माझ्यासंगं." तेव्हापासून शाळेत नेणं आणि आणणं त्यांच्याकडे.

मागच्या हिवाळ्यात मी आईबाबांकडे आले होते. परत जाताना ऑटो रेल्वे फाटकापाशी अडकला. गाडी यायची होती, दोन्हीकडे गर्दी साचली होती. पुढं, अगदी दांड्याजवळ, बाई उभ्या होत्या. केस पूर्ण पांढरे, खांद्यावर पोराचं दप्तर. एका हातानं त्याचं मनगट धरलेलं, बोटं नव्हे, मनगट. रुळांपलीकडे, गर्दीत, एक मोटारसायकल होती. तिच्यावरचा माणूस तोच होता का, मला दुरून सांगता येणार नाही. बाईंनी मात्र पाहिलं असावं. त्यांनी पोराला आपल्या पुढून मागे घेतलं.

मालगाडी गेली. फाटक वर उचललं गेलं. सगळ्यांचे हॉर्न एकदम सुरू झाले, आमचा ऑटोवालाही ओरडला, "चला ना बाई, हटा ना!" त्याच वेळी पोरानं त्यांचा पदर ओढला आणि ते काहीतरी सांगू लागलं. बाई वाकल्या. गाड्या दोन्ही बाजूंनी त्यांना घासून जात होत्या. त्यांनी मनगट सोडलं नाही, कान त्याच्या तोंडाजवळ नेला आणि त्याचं सांगून होईपर्यंत त्या तिथून हलल्या नाहीत.